नाब्लाच्या आईची तासलेली अंगाई

मंगळवारी संध्याकाळी चार वाजून पन्नास मिनिटांनी ओर्लानं जुना आवाज भरलेली एक मेणाची नळी खोक्यातून काढली. नोव्हेंबर होता, बाहेर काळोख झालाच होता. "ओर्ला म्हणजे माझ्या चुलतभावाची लेक, म्हणून छातीठोक सांगतो," असं म्हणून इमनकाकांनी शेगडीत पीटचं, दलदलीतल्या वाळल्या मातीचं, आणखी एक ढेकूळ सरकवलं. भोवतीची पोरं जवळ सरकली.

ओर्लाचं काम तसं शांतपणाचं. आयर्लंडमधल्या डोनेगॉलच्या घराघरांतून अशा जुन्या नळ्या आणायच्या, त्यांतले आवाज कॉम्प्युटरवर उतरवायचे आणि ज्याचे त्याला नेऊन ऐकवायचे. ही नळी तिच्या पणजोबांची, फेलिमची. तो सायकलला आवाज भरायचं यंत्र बांधून गावोगाव गाणी भरत हिंडायचा. पण मेण महाग, मिळायचं कमी. म्हणून शब्द वहीत लिहून झाले की नळी सुरीनं तासून कोरी करायची आणि तिच्यावरच दुसऱ्याचा आवाज भरायचा. तेव्हा सगळेच असं करत.

ओर्लाच्या घरासमोरच्या नाब्ला म्हातारीच्या आईची अंगाई अशीच तासली गेली. आईनं ती गायली एकोणीसशे अडतीस साली आणि त्याच हिवाळ्यात ती वारली. नाब्ला तेव्हा पाळण्यात. वहीत शब्द राहिले, आवाज गेला.

म्हातारी ओर्लाला रोज टोमणा मारायची, "तुझ्या पणज्यानं माझी आई सायकलवरून नेली. तू मोटारीनं तरी परत आण की गं."

तासल्याचं सांगायचा ओर्लाला धीर होत नव्हता. "शोधतेय, आजी," म्हणायची. उद्या सांगू, परवा सांगू.

त्या संध्याकाळी नळीवर समुद्रावरच्या एका कोळ्याची गोष्ट निघाली. ती संपली. मागं नुसती खरखर. शेजारी पाळण्यात ओर्लाचं सहा महिन्यांचं बाळ किरकिरत होतं. ती यंत्र बंद करायला वाकली...

खरखरीत कुणीतरी श्वास घेतला.

बाईचा आवाज. अगदी खालचा. शब्द वहीतलेच. चाल मात्र ओर्लानं कधी ऐकली नव्हती.

बाळ एकदम गप्प झालं.

गाणंही थांबलं.

ओर्लानं पाळण्यावर वाकून बाळाच्या नाकाशी बोट धरलं. काहीच नाही... मग लागला. ऊन श्वास. तिच्या पाठीमागून, फार जवळून, कुणी विचारलं,

"माझी नाब्ला झोपली का गं?"

बाळाला शालीत गुंडाळून ती तशीच रस्ता ओलांडून पळाली. नाब्लाच्या घरात दिवा होता. म्हातारी खुर्चीत. मान कलती, कुणाच्या खांद्यावर टेकल्यासारखी. अंग अजून ऊन. श्वास...

नव्हता.

घड्याळात पाच वाजून दहा मिनिटं झाली होती.

नंतर आलेल्या डॉक्टरनं म्हातारीची मूठ उघडली. आत मेणाची साल होती. तपकिरी, गोल वळलेली. नुकतीच तासल्यासारखी ताजी.

फेलिमची सुरी कधीच गंजून गेली, पोरांनो. आणि ओर्लाच्या कॉम्प्युटरवर कोळ्याची गोष्ट तेवढी उतरलीय, अंगाई नाही.

काकांनी शेगडीतल्या निखाऱ्यांवर राख ओढली. मग म्हणाले, "घरी जाताना वाटेत सांगत जा. कुणाच्या माळ्यावर नळ्या असतील तर ओर्लाकडे पोचवा. आणि लवकर, म्हणावं."