दोष आढळला नाही

कांदा काढायला आला की इवाकिरी तोकुजीच्या घरात कोणाला बूड टेकायला उसंत नसे. मे महिन्यात आठ-दहा दिवस चांगलं ऊन मिळालं, की कांदा वाळवायचा, जुड्या बांधायच्या आणि विमानघरात टांगायच्या. विमानघर म्हणजे शेताच्या बांधालगतचा काँक्रीटचा बुटका घुमट. महायुद्धात जपानी नौदलाने विमानं लपवायला असे चाळीस घुमट बांधले होते. आता सहा उरले होते. विमानतळाच्या जुन्या धावपट्टीवर भात आणि कांदे पिकत होते. घुमट फोडायचे तर सुरुंग लावावे लागले असते, म्हणून लोकांनी ते तसेच ठेवले आणि आत अवजारं भरली. आत भर उन्हाळ्यात गार असे. कांदा सडत नसे.

तोकुजी अठ्ठावन्न वर्षांचा होता. याच तळावर सव्विसाव्या वर्षी तो विमानांची इंजिनं तपासायचा. इथून उडालेली बरीचशी विमानं शत्रूच्या जहाजांवर आदळण्यासाठी होती, परत यायचीच नव्हती. तरीही तो प्रत्येक इंजिन असं तपासायचा, की जणू ते वर्षभर चालायचंय. युद्ध संपलं, तो शेतकरी झाला, आणि बत्तीस वर्षांत त्या दिवसांबद्दल त्याने चकार शब्द काढला नाही.

त्या वर्षी जुड्या टांगताना त्याच्या बायकोला, मित्सुएला, फरशीवर तेलाचा काळा थेंब दिसला.

"अहो, तुमचं नांगरणीचं यंत्र गळायला लागलंय. म्हातारं झालं."

"मालकावर गेलंय," तोकुजी म्हणाला.

त्याने राख टाकून थेंब पुसला. दुसऱ्या दिवशी तिथेच तीन थेंब होते. त्याने यंत्र ढकलत बाहेर नेलं, अंगणात ठेवलं. तिसऱ्या दिवशी सात. तेव्हा त्याने त्यात बोट बुडवलं, अंगठ्यावर चोळलं, नाकाशी नेलं. एरंडेलाचा वास, जळका. युद्धाच्या शेवटच्या वर्षी खनिज तेल मिळेनासं झालं, तेव्हा शाळांच्या आवारात एरंड लावून त्याचं तेल इंजिनांत घालत. त्यानंतर हा वास त्याने कुठेच घेतला नव्हता.

सवयीने त्याने डावीकडच्या भिंतीला हात टेकला. भिंत कोमट होती. नुकत्याच औतातून सुटलेल्या बैलाच्या कुशीसारखी.

पाचव्या दिवशी मित्सुए जुडी टांगता टांगता थांबली.

"आत वारा येतोय का हो?"

बाहेर गवताचं पातं हलत नव्हतं. आत मात्र छताला टांगलेली प्रत्येक जुडी मागच्या भिंतीकडे तिरकी झाली होती, आणि तशीच थांबली होती. पुढे पंखा फिरत असावा, तशी. मित्सुएने हातातली जुडी हळूच खाली ठेवली आणि ती बाहेर गेली. त्या दिवसापासून ती विमानघरात आली नाही.

त्याच आठवड्यात दुपारच्या बसने एक बाई आल्या. पन्नाशीच्या, करड्या किमोनोतल्या. उत्तरेकडच्या सकाताहून, दोन दिवसांचा प्रवास करून. मित्सुएने चहा आणि मुरवलेला मुळा पुढे ठेवला. बाईंनी चहाला हात लावला नाही.

"मी तोगाशी किनुए. इथून विमान घेऊन गेलेल्या तोगाशी केइजींची धाकटी बहीण."

तोकुजीने मान खाली घातली.

"दादा दोनदा परत आला होता. इंजिन बिघडलं म्हणून. गावात हे कसं पोचलं, देव जाणे. आई मीठ आणायला गेली तरी बाया पाठ फिरवायच्या. भित्र्याची आई म्हणायच्या. आई अजून आहे. डोळे गेलेत आता. यंदा म्हणाली, जा, आणि ज्याने इंजिन तपासलं त्याला विचारून ये." त्या थांबल्या. "इंजिन खरंच बिघडलं होतं?"

"बिघडलं होतं," तोकुजी म्हणाला. "दोन्ही वेळा."

बाईंनी त्याच्याकडे पाहिलं. आवाज चढला नाही, पण ओठ पांढरे पडले.

"मग तिसऱ्यांदा त्याच इंजिनावर कसं पाठवलंत त्याला?"

आतल्या खोलीत मित्सुएच्या हातातली भांडी वाजायची थांबली.

"खोटं बोललो मी," तोकुजी म्हणाला. "इंजिन ठणठणीत होतं. दुसऱ्यांदा परतले तेव्हा मी त्या विमानघरात तपासत होतो. तोगाशीसाहेब जवळ आले, माझी बाही धरली. म्हणाले, 'इवाकिरी, आवाज बरा नाही ना?' काय मागतायत ते मला कळलं होतं. बिघाड लिहिला असता, तर तीन-चार दिवस मिळाले असते. तेवढ्यात पाऊस लागला असता, काहीही झालं असतं. मी वहीत लिहिलं, दोष आढळला नाही."

"का?"

"दोष नव्हता म्हणून." त्याने गार झालेला चहा बाजूला सरकवला. "आणि माझ्या कामावर कोणी बोट ठेवलेलं मला खपत नसे."

किनुएबाईंनी रुमाल काढला, पण डोळ्याला लावला नाही. मांडीवर त्याची घडी घालत, मोडत राहिल्या.

"शेवटच्या पत्रात लिहिलं होतं, हसत जातोय. आईने ते पत्र कधी खरं मानलं नाही. म्हणजे त्याला जगायचं होतं."

"होतं."

"हेच सांगते तिला. तिला एवढंच हवं होतं." त्या उठल्या. "ती जागा दाखवाल?"

दोघं विमानघरात गेले. बाहेर लख्ख ऊन होतं. बाईंनी उदबत्ती लावली, हात जोडले. धूर वर न जाता सरळ मागच्या भिंतीकडे ओढला गेला.

"इथे कोणी काम करतंय का? तेलाचा वास येतोय."

तोकुजीने फरशीकडे पाहिलं. पायांखालची फरशी थरथरत होती. सुरळीत. एकही ठोका न चुकता. इतक्या वर्षांनीही त्याच्या तळपायांनी ते इंजिन ओळखलं.

मग त्याच्या उजव्या कानाशी कोणीतरी हळूच विचारलं. एवढंच, की आवाज बरा नाही ना.

बाईंनी मान वळवली नाही. त्यांना ऐकू आलं नव्हतं.

तोकुजी ताठ उभा राहिला. कमरेत वाकला.

"होय साहेब," तो मोठ्याने म्हणाला. "इंजिन नादुरुस्त आहे. आज उडता येणार नाही."

थरथर थांबली.

एकेक करत कांद्याच्या जुड्या सरळ झाल्या.

किनुएबाई त्याच्याकडे बघत राहिल्या. मग त्याच्याइतक्याच खाली वाकल्या, आणि त्या वाकलेल्या खांद्यांना हुंदके येत राहिले. संध्याकाळच्या बसने त्या शहरातल्या मुक्कामाच्या जागी गेल्या. सकाळी उत्तरेची गाडी होती.

रात्री पाऊस पडून गेला.

सकाळी तोकुजी शेतात आला, तेव्हा कांदा काढलेल्या ओल्या लाल मातीत चाकांचे माग होते. दोन रुंद, मध्ये शेपटीच्या चाकाचा एक बारीक. ते शेताच्या ऐन मध्यावर सुरू झाले होते. त्याआधी काही नव्हतं. तिथून सरळ विमानघरात गेले होते. बाहेर आलेले नव्हते.

बाहेर आले होते ते बुटांचे ठसे. बांधावरून, पाणंदीतून, बसथांब्यापर्यंत. थांब्यापाशी दोन ठसे शेजारी शेजारी खोल रुतले होते. कोणीतरी बराच वेळ उभं असावं.

पहिली बस यायला अजून वीस मिनिटं होती.

नऊ दिवसांनी किनुएबाईंचं कार्ड आलं. सुखरूप पोचले, पाहुणचाराबद्दल आभारी आहे, आईला सगळं सांगितलं, ती रडली आणि मग पोटभर जेवली. खाली बारीक अक्षरात, जागा संपत आल्यावर लिहिलेलं होतं:

"एक विचारायचं राहिलं. मी दार उघडून 'आले' म्हटलं, तर आई आतूनच ओरडली, 'त्याला म्हणावं, बूट बाहेर काढ, चिखल घरात आणू नकोस.' मी एकटीच होते. पण उंबऱ्याच्या आतली फरशी मी तीनदा पुसली. तुमच्याकडची माती लाल असते का?"