नऊ वर्षांचा साक्षीदार

ऐन चित्रीकरणाच्या सकाळी चष्म्याची दांडी निखळली, म्हणून ती दिसेल त्या पहिल्या चष्म्याच्या दुकानात शिरली. दुकानदार तरुण होता, हाताने हळुवार. स्क्रू बसवता बसवता त्याची नजर तिच्या उघड्या फाइलमधल्या जुन्या कात्रणावर गेली, आणि हात थांबला.

"या फोटोतला मुलगा... मीच," तो म्हणाला.

ती खऱ्या गुन्ह्यांवर माहितीपट करायची. दहा वर्षांत ओळखी झाल्या त्या पोलिसांशी, वकिलांशी, नाहीतर खुन्यांशी. 'जावई आता तुरुंगातूनच आणणार का?' असं आई अधूनमधून विचारायची. या खेपेचं प्रकरण पंचवीस वर्षांपूर्वीचं होतं. एका म्हातारीचा खून झाला; तिच्या भाच्याला पळताना समोरच्या खिडकीतून नऊ वर्षांच्या मुलाने पाहिलं, कोर्टात ओळखलं, आणि भाच्याला जन्मठेप झाली. त्या मुलाला ती दोन महिने शोधत होती.

कॅमेऱ्यासमोर यायला त्याने साफ नकार दिला. कारण तिसऱ्या भेटीत सांगितलं, तेही खाली बघत.

"साक्षीनंतर वर्षभराने मला चष्मा लागला. त्या दिवशी मी खरंच त्यालाच पाहिलं का... मला माहीत नाही."

एवढ्या एका वाक्यावर तिचा निर्माता नाचला असता. तिने त्याला काहीच सांगितलं नाही.

दुकानात मात्र ती जात राहिली.

"आठवड्यात तिसऱ्यांदा सैल झाला?" चष्मा तिच्या कानामागे बसवत त्याने विचारलं.

"नाक बारीक झालं असेल."

"काळजीने?"

"कामाने," ती म्हणाली, आणि उगाचच लाजली.

पण प्रकरणातल्या माणसात गुंतायचं नाही, हा तिचा नियम होता. शिवाय मनात धाकधूक होतीच... भाचा निर्दोष निघाला तर हा माणूस कोलमडून पडेल.

शिक्षा भोगून सुटलेला भाचा अखेर बोलायला तयार झाला. कॅमेरा सुरू झाल्यावर तो म्हणाला, "मावशीला मीच मारलं. खिडकीतून त्या पोराने मला नेहमीसारखी 'दादा' अशी हाक मारली, म्हणून तर पळालो."

तिच्या छातीवरचा धोंडा उतरला. दिवे, वायरी कॅमेरामनच्या अंगावर टाकून ती तडक दुकानात आली आणि तेवढं बोलणं त्याला ऐकवलं. त्याने ते दोनदा ऐकलं. मग गिऱ्हाइकाच्या खुर्चीत बसला.

"हाक मारली होती मी," तो पुटपुटला. "विसरूनच गेलो होतो..."

तिने त्याच्या खांद्यावर हात ठेवला आणि तो तसाच राहू दिला.

बऱ्याच वेळाने त्याने डोळे पुसले. "म्हणजे आता तुमचं माझ्याकडे काही काम उरलं नाही."

"नाही उरलं," ती म्हणाली. "तरी उद्या येईन म्हणते... चालेल?"

"उद्या दुकान बंद असतं," तो म्हणाला. "मी दिवसभर मोकळाच आहे."