कुंदाताईंचा निळा

“आदी काळोख बघून घे गो बाय. दिवो काय, मागसून लावूक येता.”

लाइटमन आबी मेस्त्रींचा हा आवाज छायालेखिका कुंदा म्हापणकरने पहिल्या चित्रपटाच्या सेटवर ऐकला, त्याला एकतीस वर्षं झाली. ते बोलणं असं अक्षरशः खरं होईल, हे तेव्हा दोघांच्याही ध्यानीमनी नव्हतं.

आचरा गावातल्या होड्या बांधायच्या शेडमध्ये आज एकही दिवा नव्हता. नवा कॅमेरा फक्त आकार, अंतर आणि पोत टिपायचा. ऊन की चांदणं, ते मागाहून संगणकावर ठरायचं. ठरवणार होता ‘दृष्टिसाचा’ नावाचा कृत्रिम बुद्धीचा प्रोग्राम. कुंदाच्या बावीस चित्रपटांवर पोसलेला, तिच्यासारखी प्रकाशयोजना करणारा. तिने संमती दिली, की ज्यांच्याजवळ छायालेखक नाही अशा गावोगावच्या पोरांच्या चित्रपटांनाही तिची नजर लाभणार होती. कुंदाला ते मनापासून हवं होतं. लेक सासरी नांदावी तशी आपली नजर घरोघरी नांदावी.

“बघा ताई.” दिग्दर्शक रेहान मुजावरने पडदा तिच्याकडे वळवला.

सकाळीच चित्रित केलेला प्रसंग. समुद्रावरून न परतलेल्या लेकाची होडी आई रंगवते आहे. साच्याने उजेड सोडला. तो फळ्यांवरून सरकत आईच्या हनुवटीशी थांबला, कुंदाने थांबवला असता तिथेच. मग सारी शेड हळूहळू निळी झाली.

“आला तुमचा निळा,” रेहान म्हणाला. “फिल्म स्कूलमध्ये सरांनी यावर सलग तीन तास शिकवलं होतं. आम्ही दोन तास झोपलो, ते सोडा.”

कुंदा हसली. पहिल्या चित्रपटातलं ते निळं अंगण. समीक्षक त्याला शोकाचा रंग म्हणाले, आणि मुलाखतींत तिनेही मान डोलावली.

“पण इथे निळा कशाला? ही बाई रडत नाहीये रे. हिचा जीव त्या ब्रशात आहे.”

“साचा म्हणतो, दुःख आलं की निळा. तुम्हीच शिकवलंय.” रेहानने माइक पुढे केला. “त्याचा एकच प्रश्न उरलाय. निळा का निवडला? तुम्ही सांगाल तोच त्याचा कायमचा नियम.”

ठरलेलं उत्तर जिभेवर होतं. ते दिलं, तर गावोगावची प्रत्येक आई निळी होणार होती.

कुंदाने माइक हातात घेतला.

“निवडला नव्हता. आधीचा शॉट घरात होता, बल्बच्या पिवळ्या उजेडात. कॅमेऱ्याचा रंगतोल, म्हणजे व्हाइट बॅलन्स, त्या पिवळ्याला जुळवलेला. अंगणातल्या उन्हात आल्यावर तो बदलायला मी विसरले, आणि ऊन निळं उमटलं. नटी पुन्हा तशी रडली नसती, म्हणून शॉट राहिला. लोकांनी वाखाणला, आणि मी गप्प बसले.”

“ताई, हे सगळं नोंदलं जातंय.”

“जाऊ दे.” ती पडद्यावरच्या साच्याकडे वळली. “मी विसरले, म्हणून तो रंग मला सापडला. तुला विसरायला कोण शिकवणार रे?”