उपासाचं

धान कापायचे दिवस सरले, त्याला नऊ वर्षं होऊन गेली होती. आता धान झाडायचं. कार्तिक लागला की साकोलीपासून गोंदियापर्यंत बायामाणसं खराटे घेऊन धानाच्या शेतांत, बांध्यांत उतरायची, गुडघ्यावर बसून मातीत सांडलेला दाणा न् दाणा सुपात भरायची. पाखरांनी खाल्लं, उंदरांनी नेलं, दवानं कुजवलं, त्यातून जे उरेल ते आपलं. दहा पोत्यांच्या बांधीत तीन पोती निघाली तरी लोक हात जोडायचे. आणि जे इथं, तेच बंगालात, तेच चीनमध्ये, तेच समुद्रापलीकडे. घरोघरचे विळे आढ्याला गंजत पडले होते. साऱ्या जगात धानासाठी विळ्याला धार लावणारी एकच बाई उरली होती, ती म्हणजे कोसमटोल्याची भागरता कापगते.

त्या सकाळीही ती अंगणातल्या दगडावर विळा घासत बसली होती. समोर सहा बांध्यांतलं लुचई धान पिवळंधमक होऊन उभं होतं. उभं होतं, हेच मोठं नवल. आज पुण्याहून डाक्टर यायचे होते आणि आज झटका होता.

हा झटका म्हणजे काय, हे समजायचं तर आधी गळ समजली पाहिजे. भागरताला ती डॉ. विश्राम ओगल्यांनी तीन वर्षांपूर्वी याच अंगणात, कोरा चहा पीत समजावली होती. माणूस शिकलेला, पण बोलायला साधा. त्यांनी विचारलं होतं, "मावशी, रानातलं गवत बी पिकलं की काय करतं?"

"गाळते. नाही गाळलं तं त्याचा वंश कसा वाढन जी?"

"मग तुमचं धान का गाळत नाही? पिकूनसुद्धा तुमची वाट बघत उभं का राहतं?"

साठ वर्षं धानात गेली, पण हा प्रश्न काही तिला कधी पडला नव्हता.

ओगले सांगत गेले. दहाएक हजार वर्षांपूर्वी सगळं धान रानटी होतं, पिकलं की गळायचं. हजारांत एखादं रोप अधू निघे, त्याचा दाणा देठाला चिकटून राही. रोपाच्या दृष्टीनं तो रोगच. पण रानातून लोंब्या तोडून आणणाऱ्या माणसांच्या टोपलीत घरापर्यंत पोचायचा कोण? जो वाटेत गळला नाही तो. तोच पुढच्या साली पेरला गेला. असं शेकडो पिढ्या चाललं. चीनमधल्या नदीकाठी भात, पश्चिम आशियाच्या डोंगरात गहू आणि जव, मेक्सिकोत मका. एकमेकांचं तोंडही न पाहिलेल्या माणसांनी हा एकच गुण उचलला. नांगर, पाट, खत, बुटकी बियाणी हे सारं मागाहून आलं. शेतीचा पाया म्हणजे न गळणारा दाणा.

"माणसांनी काय, बायांनी म्हणा," भागरता म्हणाली होती. "टोपलं कोणाच्या डोक्शावर असते?"

ओगले हसले होते. मग हसू आवरून त्यांनी पुढचं सांगितलं, आणि ते सांगताना त्यांचा आवाज बारीक झाला होता, कारण ते काम करणाऱ्यांत तेही होते. ऊन वाढत चाललं, फुलोऱ्यातच धान करपायला लागलं. तेव्हा रानटी भातातला उन्हाला तग धरणारा गुण काढून त्यांनी पेरणीच्या धानात घातला. तो घरोघरच्या बियाण्यात आपोआप पसरावा म्हणून त्याला जोडलं ओढजनुक. लेकराला निम्मं आईचं मिळतं, निम्मं बापाचं. एखादा गुण पुढच्या पिढीत उतरेल की नाही, हा छापा-काट्याचा खेळ. ओढजनुक हा खेळच खोटा करतं. नाणं कितीही वेळा उडवा, छापाच पडणार. शिवाय फुलं जास्त वेळ उघडी राहतील अशी सोय केली, म्हणजे वारा पराग दूरवर नेईल. हेतू चांगला होता. पण रानटी भातात त्या तग धरणाऱ्या गुणाच्या शेजारीच गळण्याचा गुण बसलेला असतो. तो छाटला होता. कुठंतरी, कुठल्यातरी एका रोपात, तो परत जोडला गेला आणि ओढजनुकाबरोबर सगळीकडे पसरला.

"गाड्यासंगं नळ्याची यात्रा," भागरता म्हणाली.

"तसंच. आणि हा गाडा थांबवायला ब्रेकच ठेवला नव्हता आम्ही."

थंड पेट्यांत जुनं शुद्ध बियाणं होतं, पण मूठमूठ. ते वाढवायचं तर उघड्या शेतात पेरायला हवं, आणि उघड्यावर पेरलं की वाऱ्यानं आलेला पराग त्याला बाटवणार. ज्याच्या चहूकडे वीस कोस धानही नाही आणि रानटी भातही नाही, अशा डोंगरवेढ्यातल्या पाच जागा जगभरात निवडल्या. पाचवी कोसमटोला. चाळीस घरं उठवून दुसरीकडे नेली, तळी उपसून खरवडली, घाटात नाका बसवला. तो मुलूख ओळखणारं कुणीतरी हवं म्हणून भागरता राहिली. तिनं कागदावर सही केली: धान, भात, तांदूळ, कोणतंही बियाणं बाहेरून आणणार नाही. तिला रेशन म्हणून ज्वारी आणि डाळ यायची.

बाकीच्या चार जागा एकेक करून बाटल्या होत्या. चौथी गेल्याच महिन्यात.

भागरताला जगाचं एवढं ओझं नव्हतं, खोटं कशाला बोला. तिच्या डोळ्यांपुढं होती कुंदा, तिची लेक. साकोलीकडे झाडणीच्या टोळीत राबून राबून तिचे गुडघे भोपळ्यासारखे सुजले होते. वय अवघं चौतीस. "यंदा पास झालं ना माय, तं पहिलं पोतं तुया बांधीत," असं भागरतानं तिला कबूल केलं होतं. "तू उभी राहून धान कापशील." बस, एवढंच तिला हवं होतं.

ओगले आले ते थेट बांधीत उतरले. काळं फडकं अंथरलं, त्यावर पिकली लोंबी आडवी धरली आणि बोटानं तीनदा टिचकी मारली. हा झटका. दाणे देठाला राहिले तर धान शुद्ध, फडक्यावर पडले तर गळीचं.

पहिली लोंबी. एक दाणा हलला नाही. दुसरी, तिसरी, दहावी. ओगल्यांच्या कपाळावरची आठी सैलावली. "मावशी, तोंड गोड करायला गूळ आहे का घरात?"

"हाय जी, ठेवलाच हाय!"

चौदाव्या लोंबीला टिचकी मारली आणि दाणे फडक्यावर सांडले. टपटप, जणू वाटच बघत होते.

ओगल्यांनी पुन्हा एक घेतली. दाणे टिकले. पुन्हा एक, टिकले. पुन्हा एक, सांडले. त्यांनी दुसरी बांधी पाहिली, तिसरी पाहिली, सहाही पाहिल्या. दुपार झाली. शेवटी ते बांधीच्या कडेला, चिखलाच्या धुऱ्यावर बसले.

"शंभरात चार. सगळ्या बांध्यांत. म्हणजे यंदाच्या वाऱ्यानं नाही आलेलं. पेरलं त्या बियाण्यातच होतं. गेल्या साली फुलोऱ्यात शिरलंय." त्यांनी वर पाहिलं. "मावशी, खरं सांगा. बाहेरून धान आणलं होतं?"

"देवाशप्पत नाही जी."

"भात? तांदूळ? कुणी पाहुणा?"

"कोणी नाही. पाखरू नाही आलं. पोरीचं गाठोडं आल्तं दोन सालाआधी, ते तुमच्या नाक्यावरच्या पोरायनं सोडून पाह्यलं."

ओगल्यांनी हातातल्या यंत्रावर नाक्याची जुनी नोंद काढली आणि मोठ्यानं वाचली. "भाद्रपद. एक लुगडं. गुडघ्याचं तेल. एक पुरचुंडी, उपासाचं." ते थांबले. "हे तर ठीकच आहे. उपासाला भात कुठं चालतो?"

भागरता फडक्यावरच्या दाण्यांकडे बघत राहिली. टिचकी मारली की टपटप पडणारे दाणे तिनं जन्मभर पाहिले होते, सुपात झेलले होते. बांधीत नाही, तळ्यात.

"ऋषिपंचमीचं," ती म्हणाली.

"काय?"

"ऋषिपंचमीचा उपास जी. त्या दिशी बैलाच्या कष्टाचं खात नाही. नांगरलेल्या भुईतलं काहीच नाही. म्हणून देवधान खातो. तळ्यात आपल्या मनानं उगवते ते. कोणी पेरत नाही, कोणी कापत नाही. सूप धरून झटकलं का पडते. तुमच्या माणसायनं तळं खरवडलं, त्यात आमचं देवधान गेलं. बत्तीस वर्सांचा नेम माहा. कुंदानं साकोलीच्या तळ्यातलं मूठभर धाडलं. कांडून खाल्लं, चिमूटभर घरामागच्या बोडीत टाकलं. दर सालाले लेकीपाशी काय मांगाचं?"

ओगल्यांना बोडी ठाऊक होती. कमळाची पानं पसरलेलं ते एवढंसं डबकं. नकाशावर त्यांनीच तिथं हिरवी खूण केली होती: कमळ, निर्धोक.

"मावशी, कागदावर लिहिलं होतं ना? धान, भात, तांदूळ..."

"धान म्हंजे पेरलेलं जी! हे तं देवाचं होय. याले कोण धान म्हणते?" ती बोलून गेली, आणि मग तिला रडू कोसळलं. कारण चिमूट बोडीत टाकताना तिच्या मनात एकदा चुकचुकलं होतं, आणि चिमूटभरानं काय होते, असं म्हणून तिनंच ते दाबलं होतं.

ओगले तिला रागावले नाहीत. रागावले असते तर बरं झालं असतं. ते म्हणाले, "आम्ही त्याला रानटी भात म्हणतो. तुम्हाला एकदाही विचारलं नाही, तुम्ही त्याला काय म्हणता."

"गळलेली उपटून फेकू ना! मी फेकते, एकेक लोंबी झटकून पाहाते. उरलेलं तं चांगलं हाय?"

"उरलेल्यांवरही यंदा त्यांचाच पराग पडलाय. दाणा वरून सारखाच दिसतो. आतलं बघायचं तर फोडावा लागतो, आणि फोडलेला दाणा पेरता येत नाही."

"जाळू मंग. पुन्हा पेरू पेटीतलं."

"गळलेला दाणा मातीत झोपून राहतो, मावशी. दहा-दहा वर्षं. मनात आलं की उठतो." त्यांनी फडक्याची घडी करायला घेतली, पण करता येईना. "पेटीत बियाणं आहे. पेरायला भुई नाही उरली."

विळा धुऱ्यावर पडला होता. त्याला सकाळीच लावलेली धार उन्हात चमकत होती. भागरतानं तो उचलला, पुसला आणि पुन्हा खाली ठेवला. गूळ घरात तसाच राहिला.

ओगले तोंडातल्या तोंडात म्हणाले, "कुणी पेरत नाही, कुणी कापत नाही, झटकलं की पडतं." त्यांनी तिच्याकडे पाहिलं. "आता सगळ्या जगानं असंच खायचं. रोज."

"रोजची पंचमी," भागरता म्हणाली. तिची सासू सांगायची, बैलाला वर्षातून एक दिवस विसावा द्यावा म्हणून हा नेम. आता बैलाला विसावाच विसावा होता.

तेवढ्यात तिच्या कमरेचा फोन वाजला. कुंदा होती. मागे बायकांचा गलका आणि खराट्यांची खरखर ऐकू येत होती.

"आई, झाला का वं झटका? डाक्टर आले का?"

"आले."

"मंग? पास ना?"

भागरतानं ओगल्यांकडे पाहिलं. ते दुसरीकडे बघत होते.

"अजून पाहून राहिले," ती म्हणाली.

"होते पास. मी नवस बोलली आहे देवीले. आई, आयक ना, त्या सालचं देवधान बोडीत टाकलं म्हणे तू. जगलं का ते? नाही तं यंदा तळ्यावर लई झडून राहिलं, धाडते अजून मूठभर. नाक्यावर उपासाचं सांगितलं का सोडतात."

फडक्याच्या अर्धवट घडीतून दाणे धुऱ्यावर सांडत होते. भागरता खाली वाकली, एकेक दाणा वेचून पदरात घेऊ लागली. वाकल्यावाकल्याच फोन कानाशी धरून ती लेकीला म्हणाली, "नको धाडू माय. लई जगलं ते. पुरते आता, साऱ्यायले पुरते."