हिराजींची फुंकर

गब्रू या यंत्रमानवाने तिसऱ्यांदा करवतीची वीज तोडली, तेव्हा शलाकाचं डोकंच फिरलं. उद्या शाळेच्या होड्यांची शर्यत. तिच्या होडीच्या डेकमध्ये (वरच्या सपाट भागात) अजून बॅटरीसाठी चौकोन कापायचा होता, आणि फायबरग्लासचा डेक एकच होता.

"या गब्रूला भंगारात घाला," ती आजोबांना म्हणाली.

हिराजी आजोबांचाही पारा चढला होता. चाळीस वर्षं त्यांनी लाकडी होड्या बांधल्या होत्या. करवत चालवायची, रेघ भुशाखाली गेली की फुंकर मारायची, पुन्हा चालवायची. पण या फायबरग्लासवर फुंकर मारली रे मारली, की गब्रू वीज तोडायचा! वर कापाची कड उंदराने कुरतडल्यासारखी दिसत होती आणि शलाकाच्या हातांना मघापासून काहीतरी चावत होतं. डास नाही, मुंगी नाही. मग चावत कोण होतं?

गब्रूने धुळीची चिमूट सूक्ष्मदर्शकाखाली (बारीक वस्तू मोठी दाखवणाऱ्या यंत्राखाली) ठेवली. शलाकाला काचेच्या सुयाच सुया दिसल्या.

मग त्याने नीट समजावलं. फायबरग्लास म्हणजे केसाहून बारीक काचेचे धागे, राळेत (सुकून कडक होणाऱ्या चिकट द्रवात) बसवलेले. लाकडाच्या पात्याचे मोठे दात ते धागे ओरबाडतात, म्हणून कड तुटते. हिऱ्याची कणी लावलेलं पातं घासत घासत कापतं. जाड धूळ कातडीत टोचते, म्हणून खाज सुटते. त्याहून बारीक धूळ हवेत तरंगते, आणि फुंकर मारणारा माणूस पुढचा श्वास त्याच धुळीत घेतो.

शलाकाचा राग आता गब्रूवरून थेट आजोबांवर गेला. गेले दोन महिने ते खोकत होते आणि दिलेला मास्क खिशात घडी करून ठेवत होते.

"तुम्हाला माहीत होतं?"

"मास्क लावून फुंकर कशी मारणार गं?"

"मग मला होडीच नको."

ती होडीकडे पाठ करून उभी राहिली. आजोबांनी खिशातला मास्क काढून बांधला, चष्मा चढवला, बाह्या मनगटापर्यंत ओढल्या. शलाकाला काचेच्या दाराबाहेर काढलं. पातं बदललं, डेक शिकंज्यात आवळला, रेघेवर चिकटपट्टी लावली. गब्रूने धूळ ओढणारी नळी पात्यालगत धरली.

अर्ध्यात आजोबांनी करवत थांबवली आणि सवयीने खाली वाकले. शलाकाने दारावर मूठ आपटली. पण रेघ स्वच्छ दिसत होती. नळीने धूळ केव्हाच ओढून घेतली होती. आजोबा सरळ झाले आणि त्यांनी उरलेला चौकोन कापला. या वेळी कड अगदी गुळगुळीत आली.

दोघांनी हात न चोळता गार पाण्याने धुतले. धुळीची पिशवी बांधताना शलाकाने विचारलं, "हिचं काय करायचं?"

"जमिनीत पुरतात. काच कुजत मात्र नाही," गब्रू म्हणाला.

तिची पुन्हा सटकली. हा काय मूर्खपणा! काचेऐवजी तागाचे धागे वापरायचे प्रयोग चालू आहेत, असं गब्रूने सांगितलं, तेव्हा ती तिथल्या तिथे म्हणाली, "मोठी झाले की मीच करेन. न टोचणारी होडी."

"आणि तोवर?" आजोबांनी विचारलं.

"तोवर कापताना मास्क काढलात, तर मी बोलणार नाही तुमच्याशी."