मास्तरांची टिकटिकी

यातली वेळ मी मावशीला तीनदा विचारली. तिन्ही वेळा तिने एकच सांगितली. शनिवार, दुपारचे चार वाजून दहा मिनिटं.

लख्ख ऊन होतं. खोटं सांगायचं तिला काही कारण नाही.

मावशी अंध माणसांच्या सोबतीसाठी कुत्रे तयार करते. पंधरा वर्षं, एकाच केंद्रात. हे काम तिला मास्तरांनी शिकवलं. त्यांची पद्धत साधी. अंगठ्याएवढी पत्र्याची टिकटिकी मुठीत धरायची. कुत्र्याने हवं ते केलं की दाबायची. टिक... आणि लगेच खाऊ. पुढेपुढे नुसता आवाज आला तरी कुत्र्याच्या तोंडाला पाणी सुटतं.

मास्तर गेले तेव्हा मावशी धाय मोकलून रडली. सख्खा बाप गेल्यासारखी. ती टिकटिकी तिनेच त्यांच्या खिशात ठेवली. त्यांच्याबरोबर टिकटिकीही चितेत गेली.

त्या शनिवारी ती मास्तरांच्या खोलीत राजीनामा लिहायला बसली. दुसऱ्या शहरातल्या केंद्राने तिला प्रमुख म्हणून बोलावलं होतं. तिसऱ्यांदा. आधीच्या दोन्ही वेळा तिने नकार दिला होता. पाचच्या आत फोन करून होकार कळवायचा होता, नाहीतर जागा दुसऱ्याला जाणार.

फरशी पुसणाऱ्या काकू दारात थबकल्या.

“काय गं, या वेळी तरी जातेस का?”

“जातेय काकू. आता अडवायला कोण आहे?”

“मास्तर असताना तरी कोणी अडवलं होतं? तूच त्यांच्यामागे शेपूट हलवत फिरायचीस!”

दोघी हसल्या. काकू बादली उचलून गेल्या.

पायाशी ठिपक्या झोपला होता. मास्तरांनी तयार केलेला शेवटचा कुत्रा.

मावशीने तारीख घातली. पहिली ओळ लिहिली.

टिक...

ठिपक्या ताडकन उठला. टेबलाच्या खालच्या खणासमोर जाऊन बसला. शेपूट स्थिर. तोंडातून लाळ गळत होती.

म्हणजे भास नव्हता.

तिने खण उघडला. टिकटिकी नव्हतीच. एक वही होती. मास्तर प्रत्येक कुत्र्याची वेगळी वही ठेवत, वर त्याचं नाव लिहीत. या वहीवर मावशीचं नाव होतं.

“दिवस पहिला. टिक, मग शाबासकी. लाजली.”

“दिवस चाळिसावा. टिक ऐकताच मान वर करते. आता शाबासकी दिली नाही तरी चालतं.”

“बाहेरून बोलावणं आलंय. जाते म्हणाली की अबोला. थांबते म्हणाली की टिक. तीन दिवस लागले.”

“दुसरं बोलावणं. अर्धा दिवस पुरला.”

ते तीन दिवस मावशीला लख्ख आठवत होते. मास्तर दुखावले म्हणून ती जेवली नव्हती. त्यांचा जीव आपल्यावर आहे, म्हणूनच ते बोलत नाहीत, असं तिने स्वतःला समजावलं होतं.

तिने शेवटचं पान उलटलं.

त्यावर त्याच शनिवारची तारीख होती. अक्षर मास्तरांचं.

“चार वाजून दहा मिनिटं. पेन हातात आहे. पाहू.”

टिक...

या वेळी आवाज अगदी कानामागून आला.

मावशीची मान आपोआप वर झाली. मागे कोणी नव्हतं. भीतीने अंगावर काटा आला होता... आणि तरीही तिला बरं वाटलं. आत कुठेतरी, पाठीवर हात फिरवल्यासारखं.

त्या बरं वाटण्याची तिला आजही किळस येते.

तिने वहीचे तुकडे केले. फोन उचलला, त्या दुसऱ्या केंद्राचा नंबर लावला. “येते” म्हणायला तोंड उघडलं.

म्हणाली, “मी इथेच थांबते.”

कसं म्हणाली, तिलाच कळलं नाही.

हे सगळं तिने मला गेल्या आठवड्यात फोनवर सांगितलं. सांगताना रडली. “माया नव्हती रे ती. मला वाढवलं नाही त्यांनी, सवय लावली. कुत्र्याला लावतात तशी.”

“मावशी, सोड ते केंद्र. उद्याच माझ्याकडे निघून ये.”

“येते,” ती म्हणाली. “खरंच येते रे.”



आणि पलीकडून मी स्वतःच्या कानाने ऐकलं...

टिक.

“नको रे,” मावशी म्हणाली. “थांबते इथेच.”

तिचा आवाज आनंदी होता.