मंगळवारचं अळणी वांगं

"आमच्या घरचे दुसरीकडे जेवून राहिले," कौशल्या निनावे म्हणाल्या आणि खुर्चीच्या अगदी कडेवर बसल्या.

चारुशीलाबाई हेडाऊ यांच्या इतवारीतल्या गुप्तहेरीच्या ऑफिसात नवऱ्यांविरुद्ध नाना तक्रारी येत. जेवणाची ही पहिलीच. बाईंचे मदतनीस मनोहरराव पोस्टातून निवृत्त झालेले होते. चाळीस वर्षं त्यांनी इतरांची पत्रं न फोडता वाटली होती. दुसऱ्यांची गुपितं वाचायची राहून गेलेली इच्छा आता ते पुरी करून घेत होते. त्यांनी वहीत 'दुसरी बाई' असं लिहिलं, अधोरेखित केलं आणि पित्ताची पुडी पाण्यात ढवळली. छातीतली जळजळ ते गेली अकरा वर्षं अशीच ढवळत आले होते.

"सावकाश सांगा," चारुशीलाबाई म्हणाल्या.

"दादाजी नाव त्यायचं. लकडगंजात लाकूड मोजाचं काम. रात्री घरी जेवत नाही. म्हणते, तिकडंच खाऊन आलो. पट्ट्याले तीन नवी भोकं पाडली. पन्नाशी उलटल्यावर बारीक दिसाची हौस! खिशात पेपरमिंट, बडीशेप. झोपतेही बाहेरच्या खोलीत, आरामखुर्चीत. आडवं झालं का खोकला येते म्हणते."

"अजून?"

"पोळ्याच्या आधी एका सोमवारी रामटेकले जातो म्हणून निघाले. सकाळचा चहाही घेतला नाही. दुपारी आले त घसा धरलेला, अन् प्रसाद नाही. रामाच्या दारी जाऊन कोणी प्रसाद विसरते का?"

मनोहररावांनी 'रामटेक' लिहिलं आणि पुढे प्रश्नचिन्ह काढलं.

"परवा मंगळवारी वांग्यात मीठ टाकाचंच विसरली मी. मिठासाठी घर डोक्यावर घेणारा माणूस, घरी येऊन म्हणते, आज वांगं झकास झालं होतं. मनात पाप असल्याशिवाय नवरा असा बोलते का?"

"नाही बोलत," मनोहरराव अनुभवानं म्हणाले.

"अन् काल मी सोता जाऊन पाह्यलं. लाकूड कापाच्या आरा मशीनच्या मागं एक बाई माह्या डब्यातलं खाऊन राहिली होती. हे समोर बसून तिच्या तोंडाकडे पाहून राहिले होते." कौशल्याबाईंनी पदर तोंडाशी धरला. "तीस वर्षं झाली, बाई. माह्या तोंडाकडे असं कधी पाह्यलं नाही."



"तुम्ही आज जेवलात?" चारुशीलाबाईंनी विचारलं.

"अजून नाही. तीन वाजता ते घरी येते घटकाभर टेकाले. डबा रिकामा पाह्यल्याशिवाय मी पानावर बसत नाही. सासूनं लावलेली सवय."

"आणि भरलेला आला तर?"

"एकदाच आला होता, होळीनंतर. त्या दिवशी नाही जेवली मी. मंग पुन्हा कधी आला नाही."

चारुशीलाबाईंनी पेन्सिल खाली ठेवली. मनोहररावांना वाटलं, बाईंना या प्रकरणात रस उरला नाही.

*

लकडगंजात सागाचा वास आणि भुसा दोन्ही नाकात जात होते. दादाजी लांबवर फळ्या मोजत होते. शर्ट अंगाला दोन मापं मोठा होता. बाकावर त्यांचं सोललेलं संत्रं होतं आणि बाकाखाली चोखून टाकलेल्या फोडींचा ढीग.

"काय बोलावं गा भाऊ," त्यांचा सहकारी शालिकराम मनोहररावांना म्हणाला, "हा माणूस प्रेमात पडला. भूक मेली त्याची. होळीपर्यंत दोन समोसे उभ्या उभ्या खाये. मंग समोसा सोडला, म्हणे कोरडा लागते. उन्हाळ्यात तर्रीपोहे, तेही तर्रीच्या रश्शात बुडवून. पोळ्याले सांबारात भिजलेली इडली, ती खाले अर्धा तास लागला त्याले. आता दिवाळी होऊन गेली, त अर्धा कप चहा, घोट घोट. अन् वरून ठसका."

"स्वभावात काही फरक?" चारुशीलाबाईंनी विचारलं.

"हसणं कमी झालं. पण ते दोन वर्षांपासून. मोठा भाऊ गेला ना त्याचा. दवाखान्यात वाळून गेला. मागोमाग सहा महिन्यांत भावजय गेली. चूलच पेटवणं सोडलं होतं तिनं."

डबा खाणारी ती बाई, प्रेमलता, मशीनमागे भुसा भरत होती. चाळिशीची, पायात नवऱ्याच्या जुन्या चपला. नवरा नव्हता.

"मी नाही मागितलं, बाई," ती आधीच म्हणाली. "पोळ्यापासून तेच देते. म्हणते, मी घरून जेवून येतो, फेकाचं जिवावर येते. फक्त जेवताना समोर बसते. आज काय होतं, तिखट केवढं होतं, मीठ कसं होतं, सारं इचारते."

"तू काय सांगतेस?"

"चांगलं होतं म्हणते. दुसऱ्याच्या घरच्या अन्नाले कोणी नावं ठेवते का?"

"आणि ते?"

"माह्या घासाकडे पाहत राहते. कधी कधी डोळ्यांत पाणी येते त्यायच्या."

परतताना मनोहरराव रिक्षात समाधानानं म्हणाले, "निकाल लागला. डोळ्यांत पाणी म्हणजे प्रकरण पुढं गेलं आहे."

"मनोहरराव, प्रेमात पडलेला माणूस बाईला बायकोचा डबा देतो, की बाहेरून काही घेऊन येतो?"

"काटकसरी असेल."



*

दुसऱ्या दिवशी तीन वाजता दादाजींच्या हातून रिकामा डबा कौशल्याबाईंनी घेतला, तेव्हा चारुशीलाबाई आणि मनोहरराव निनाव्यांच्या बाहेरच्या खोलीत बसलेले होते. ही माणसं कोण, कशाला आली, हे कौशल्याबाईंनीच नवऱ्याला सांगितलं, फार मोठ्या आवाजात.

दादाजींनी नाकारलं नाही. तीच त्यांची चूक होती. ते फक्त म्हणाले, "हो. तसंच समज."

"नाही समजायचं," चारुशीलाबाई म्हणाल्या. "घरी हे सांगतात, तिकडे खाल्लं. तिकडे सांगतात, घरी खाल्लं. कौशल्याबाई, हे दुसरीकडे जेवत नाहीत. हे कुठंच जेवत नाहीत."

कौशल्याबाईंनी हातातल्या डब्याचं झाकण काढून आत पाहिलं.

"मंगळवारचं वांगं अळणी होतं. ते झकास असं तोच म्हणेल ज्यानं चाखलं नाही. खाल्लं प्रेमलतानं, आणि ती दुसऱ्याच्या अन्नाला नावं ठेवत नाही. तिनं जे सांगितलं ते यांनी तुम्हाला आणून दिलं."

मनोहररावांनी वही उघडली होती. लिहिलं काही नाही.

"मग न जेवण्याचं कारण? शालिकरामनं सांगितलेलं ओळीनं मांडा. आधी समोसा अडला, मग पोहे, मग इडली, आता चहा. आधी घट्ट, मग मऊ, मग पातळ. संत्र्याचा रस चालतो, चोथा थुंकावा लागतो. पहिल्या दिवसापासून पाणी आणि पोळी दोन्ही सारखीच अडली असती, तर अन्ननलिकेच्या नसांचा दोष म्हटलं असतं. हे असं पायरीपायरीनं होतं ते वाट आतून बुजत जाते तेव्हा. अडलेलं वर येतं म्हणून आडवं झोपवत नाही, तोंडाला वास येतो म्हणून पेपरमिंट. पट्ट्याची भोकं हौसेची नव्हती."

"रामटेक?" मनोहररावांनी हळूच विचारलं.

"चहासुद्धा न घेता निघालेला आणि घसा धरून आलेला माणूस देवळातून येत नाही. घशातून दुर्बीण घालायची तर पोट रिकामं लागतं. दादाजी, रिपोर्ट कधी आला?"

दादाजींनी खिशातून पेपरमिंटच्या कागदांसोबत एक चौकोनी घडी काढली. घडीच्या कडा घामानं काळ्या पडल्या होत्या. "पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी. तुकडा काढून तपासला त्यायनं. कॅन्सर हाय. डॉक्टर म्हणे आत जाळी बसवून वाट मोकळी करू, मंग औषध, किरणं. लवकर या म्हणे."

"पोळ्याले," कौशल्याबाई म्हणाल्या. "अन् आता दिवाळी गेली."

"भाऊच्या नाकातली नळी पाह्यली होती मी. त्याची भीती होतीच." दादाजी बायकोकडे न बघता बोलत होते. "पण वहिनी ताट घेऊन बसे त्याच्याजवळ. तो खाये ना, ही खाये ना. एकदा डबा भरलेला आणला मी, त तूही उपाशी राहिली. मंग काय करू? रिकामा आणला का निदान एक जण त जेवते घरात."

मनोहररावांना आपली पुडी आठवली. ती त्यांनी खिशात हातानं चाचपली आणि उद्या आपणही डॉक्टरकडे जायचं असं ठरवलं. कोणाला सांगितलं नाही.

कौशल्याबाई भिंतीला टेकून खाली बसल्या. त्या चारुशीलाबाईंना म्हणाल्या, "दुसरी असती त बरं झालं असतं वं बाई. तिच्याशी भांडता त आलं असतं."

 चारुशीलाबाई उठल्या. "तीन महिने गेलेत. किती हातात आहे ते डॉक्टर सांगतील. ते माझं काम नाही."

पण कौशल्याबाई आधीच आत गेल्या होत्या. त्या आपलं ताट घेऊन आल्या आणि नवऱ्यासमोर जमिनीवर ठेवलं. शेजारी वाटीत वरणाचं वरचं पाणी.

"उद्या दवाखान्यात चलता का? नाही म्हटलं त मी आजपासून जेवत नाही."

दादाजींनी मान हलवली. होय अशी.

मग तीस वर्षांत पहिल्यांदा त्या नवऱ्याच्या आधी जेवायला लागल्या. दादाजींनी वाटीतून एक घोट घेतला, तो उतरायची वाट पाहिली, आणि बायकोच्या तोंडाकडे पाहत राहिले. मनोहररावांनी चपला घातल्या, पण पाय निघेना.

"मीठ बराबर हाय का?" दादाजींनी विचारलं.

कौशल्याबाईंनी घास चावून गिळला.

"नाही," त्या म्हणाल्या. "कमी हाय."